तार तुटली, तर जबाबदार कोण?

ह्या धड्यात आपणांस विजेच्या तारेविषयी बोलायचे आहे. वीज कशी तयार होते, ते नाही. आज एवढेच पाहायचे, की तार तुटून माणूस दगावला, कोणाचा हात गेला, बैल मेला किंवा उभा ऊस जळाला, तर भरपाई कोणी द्यायची आणि ती मागायची कशी.

गावात असे काही घडले, की लोक दोन गोष्टी बोलतात. एक म्हणजे, "नशिबात होतं." दुसरी म्हणजे, "सरकारशी कोण भांडणार?" नशिबाचे आम्ही काय सांगावे? पण दुसऱ्या गोष्टीचे उत्तर देता येते. सरकारवर दावा लावता येतो, आणि तो जिंकताही येतो. हे काही नवे नाही.

फार जुनी हकीकत आहे. कलकत्त्यात सरकारी गोदीच्या रस्त्याने एका जहाज कंपनीची घोडागाडी चालली होती. त्याच रस्त्यावर सरकारी मजूर लोखंडाचा एक अवजड तुकडा वाहून नेत होते. गाडी जवळ आली तशी मजूर गडबडले. त्यांनी लोखंड तिथेच टाकले आणि बाजूला पळाले. त्या आवाजाने घोडे बुजले व एक घोडा जखमी झाला. कंपनीने सरकारवर साडेतीनशे रुपयांचा दावा लावला. १८६१ साली निकाल झाला. न्यायाधीश म्हणाले, की एखादा व्यापारी करील तसले काम सरकार करीत असेल, तर व्यापाऱ्यावर जी जबाबदारी येते तीच सरकारवर येते. इंग्रजी अमलात एका घोड्यासाठी हा न्याय झाला.

स्वराज्य आल्यावर घटनेच्या तीनशेव्या कलमाने हा मार्ग खुला ठेवला. राजस्थानात उदयपूरच्या कलेक्टरांची जीप दुरुस्त करून परत आणली जात होती. ड्रायव्हरने निष्काळजीपणे चालवून रस्त्याने जाणाऱ्या माणसाला धडक दिली. माणूस गेला. त्याच्या बायकोने दावा लावला. सरकार म्हणाले, आम्ही जबाबदार नाही. १९६२ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की राज्य सरकार जबाबदार आहे. भरपाई द्यावी लागली.

आता आपल्या विजेकडे येऊ. महाराष्ट्रात २० जून १९६० रोजी राज्य वीज मंडळ स्थापन झाले. २००५ साली जून महिन्यात त्या मंडळाचे भाग पाडले. वीज तयार करणारी कंपनी वेगळी, मोठ्या तारांतून वाहून नेणारी वेगळी, आणि घरोघरी व शेतोशेत पोचवणारी वेगळी. ही तिसरी ती महावितरण. गावात आजही सगळे "बोर्ड" असेच म्हणतात. बोलताना म्हणावे. पण अर्जावर महावितरण असेच लिहावे, नाही तर अर्ज टेबलावरून टेबलावर फिरत राहतो. ही कंपनी राज्य सरकारच्या मालकीची आहे. वीज विकणे हा धंदा आहे. तेव्हा घोड्याच्या निकालातला नियम तिला लागू पडतो.

पण विजेच्या बाबतीत कायदा ह्याच्याही पुढे गेला आहे. ते नीट समजून घ्यावे, कारण साऱ्या धड्याचे मर्म इथे आहे.

साधारणपणे भरपाई मागणाऱ्याने समोरच्याची चूक दाखवावी लागते. सायकलवाल्याने धडक दिली, तर तो बेफिकीर होता हे दाखवावे लागते. विजेचे तसे नाही. असे समजा, की गारुड्याने बाजारात साप आणला. टोपलीचे झाकण सुटले. साप निघाला आणि एकाला चावला. गारुडी म्हणेल, "मी झाकण घट्ट बांधलं होतं." असेल बांधलेले. पण साप बाजारात कोणी आणला? त्यावर पैसे कोण मिळवतो? मग चावल्याचा खर्च त्यानेच सोसावा. १८६८ साली इंग्लंडात हा नियम पक्का झाला. तिथे साप नव्हता, तळे होते. एका गिरणीवाल्याने आपल्या जागेत पाणी साठवले. ते खालून झिरपून शेजारच्या कोळशाच्या खाणीत शिरले. गिरणीवाल्याला खालची वाट ठाऊकही नव्हती. तरी भरपाई त्यालाच भरावी लागली. धोक्याची वस्तू जो बाळगतो, ती सुटली तर तोच जबाबदार. ह्याला कडक जबाबदारी म्हणतात.

आपल्या देशात हा नियम विजेच्या तारेला लावला तो मध्य प्रदेशातल्या एका खटल्यात. ऑगस्ट १९९७ मधली रात्र. पाऊस पडलेला. सदतीस वर्षांचा एक कामगार कारखान्यातून सायकलीवर घरी निघाला होता. रस्त्यावर पाणी साचले होते. पाण्यात जिवंत तार पडली होती. ती त्याला दिसली नाही. सायकल तारेवर गेली आणि तो जागीच कोसळला. मागे बायको आणि लहान मुलगा.

वीज मंडळाने काय सांगितले? "तार आमची नव्हे. एका माणसाने चोरून आकडा टाकला होता. त्याची तार निसटून रस्त्यावर पडली. आम्हांला पत्ताही नाही." ऐकायला खरे वाटते. आपल्या गावातही आकडे काही कमी नाहीत. पण ११ जानेवारी २००२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे म्हणणे मानले नाही. न्यायालय म्हणाले, वीज ही धोक्याची वस्तू आहे. ती तारांतून नेणाऱ्याने ती बाहेर सुटणार नाही हे पाहायचे असते. परक्याने खोडी केली, एवढे सांगून सुटका नाही. उच्च न्यायालयाने ठरवलेली चार लाख चौतीस हजारांची भरपाई कायम झाली.

म्हणून कोणी साहेब म्हणाले, "आमची चूक दाखवा, मग बघू," तर घाबरून गप्प बसू नये. ह्या निकालाचे साल सांगावे.

ह्याचा अर्थ असा नव्हे, की कशीही भरपाई मिळते. ज्याने स्वतः खांबावर चढून आकडा टाकला आणि तो चिकटला, त्याला मिळणे कठीण. घरातल्या मीटरच्या पुढचे वायरिंग आपले. ते कुजले असेल तर कंपनीकडे बोट दाखवता येत नाही. आणि एक गोष्ट आम्हांस मुद्दाम सांगायची आहे. रानडुकरांसाठी काही जण कुंपणाच्या तारेत लाईनची वीज सोडतात. रात्री शेजारचा माणूस पाणी धरायला येतो आणि मरतो. तिथे गारुडी कंपनी नव्हे, आपण. भरपाई तर पडतेच, तुरुंगही चुकत नाही.

वादळाचे काय? फार मोठे, कधी न पाहिलेले वादळ आले, तर कंपनी म्हणू शकते की ही देवाची करणी. न्यायालय तसे तपासतेही. पण दर वर्षी येणारा वळीव ही काही न पाहिलेली गोष्ट नव्हे. मेच्या वाऱ्यात पडणारा खांब आधीच वाकलेला असतो, हे गावातले पोरही सांगेल.

मात्र पोराने सांगून भागत नाही. कागद लागतो. हरियाणात एका घराच्या माथ्यावरून भारी दाबाच्या तारा गेल्या होत्या. त्या सैल पडून खाली लोंबत होत्या. घरातल्या लहान मुलाला त्या तारेचा धक्का बसला. वीज मंडळ म्हणाले, घर बेकायदा बांधले होते. पण तारा सैल आहेत अशी तक्रार आधी केली होती, असे घरच्यांनी न्यायालयात मांडले. मंडळाला ते धड नाकारता आले नाही. २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने मंडळालाच जबाबदार धरले. आधी केलेल्या तक्रारीला किती वजन असते ते पाहा.

आम्ही शाळेत होतो तेव्हा गावची माणसे अर्ज लिहून घ्यायला येत. बहुतेक जण नुकसान झाल्यावर येत. "आधी सांगितलं होतं का?" असे विचारले, की म्हणत, "वायरमनला चार वेळा सांगितलं की, गुर्जी." तोंडाने सांगितलेले वायरमनला आठवत नाही. आठवले तरी तो न्यायालयात सांगायचा नाही. त्याचीही नोकरी आहे. आता तुम्हांस लिहिता येते. तर अर्ज असा लिहावा:

"मा. सहायक अभियंता, महावितरण, शाखा कार्यालय (गावाचे नाव) यांस.
विषय : लोंबकळणाऱ्या तारेबाबत.
महाशय, आमच्या गावच्या शाळेमागील ओढ्याजवळ दोन खांबांमधील तार खाली आली आहे. तिच्याखालून उसाच्या गाड्या व शाळेची मुले जातात. एक खांब वाकला आहे. खांबावरील क्रमांक अमुक. तार ताबडतोब वर ओढून घ्यावी. अपघात झाल्यास जबाबदारी आपली राहील. सोबत फोटो जोडला आहे.
दिनांक. सह्या व अंगठे."

पाच-दहा जणांच्या सह्या असाव्यात. अर्जाच्या दोन प्रती काढाव्यात. एक त्यांना द्यावी, दुसरीवर शिक्का, सही आणि तारीख घ्यावी. ह्याला पोच म्हणतात. पोच देत नसतील तर टपालाने रजिस्टर पाठवावे आणि पावती जपून ठेवावी. एक प्रत ग्रामपंचायतीत द्यावी. जिल्ह्यासाठी सरकारचे विद्युत निरीक्षक असतात. ते कंपनीचे नोकर नव्हेत, सरकारचे आहेत. त्यांनाही एक प्रत पाठवावी. १९१२ ह्या क्रमांकावर फोन केला, तर तक्रारीचा नंबर मिळतो. तो नंबर वहीत टिपावा.

तार किती उंच असावी? रस्ता ओलांडणारी घरगुती दाबाची तार जमिनीपासून निदान ५.८ मीटर हवी, म्हणजे सुमारे १९ फूट. मोठ्या दाबाची, गावात जिला "इलेव्हन" म्हणतात ती, ६.१ मीटर, म्हणजे २० फूट. रस्ता सोडून शेतातून जाणारी उघडी तार ४.६ मीटर, म्हणजे १५ फूट. रस्त्यावरची तार तुटली तरी जिवंत राहू नये, अशी सोयही कंपनीने ठेवायची असते. तारेखाली जाळी बांधलेली दिसते, ती त्यासाठी. ही मापे डोळ्याने अदमासावी. बांबू लावून मोजायला जाऊ नये. तेवढ्यासाठी जीव घालवू नका.

आता अपघात झालाच, तर.

पहिले काम माणसे दूर ठेवण्याचे. तार खाली पडली तर ती मेलेली आहे असे धरू नये. ओल्या रानात नुसते जवळ गेले, तरी पायांतून झटका बसतो. एकाला वाचवायला गेलेले दोघे-तिघे गेल्याच्या बातम्या आपण ऐकतो. आधी १९१२ ला किंवा सबस्टेशनला फोन करून लाईन बंद करवावी, मग हात लावावा.

दुसरे काम पोलिसांत कळवण्याचे. मृत्यू झाला असेल, तर अकस्मात मृत्यूची नोंद होते, पंचनामा होतो, शवविच्छेदन होते. शवविच्छेदन नको असे घरची माणसे रडून सांगतात. त्यांचे दुःख आम्ही समजतो. पण विजेने मृत्यू झाला हे सांगणारा तोच एक कागद असतो. तो नसला, तर पुढे कंपनी म्हणते, हृदय बंद पडले. पंचनाम्यात तार कुठे पडली, खांब कुठला, तारेला जोड किती होते, हे लिहवून घ्यावे. सही करण्याआधी वाचावे. आता वाचता येते. कंपनीची माणसे तार उचलून नवी ओढतील, त्याआधी फोटो काढावेत. हे काम फार भराभर होते, असा अनुभव आहे. एरवी महिना लागतो.

तिसरे काम विद्युत निरीक्षकाचे. २००३ च्या वीज कायद्यात १६१ वे कलम आहे. विजेने माणूस किंवा जनावर मेले अथवा जखमी झाले, तर कंपनीने निरीक्षकाला कळवलेच पाहिजे. त्यासाठी चोवीस तासांची मुदत आहे. कंपनीने कळवले की नाही, ह्यावर विसंबू नये. आपणही अर्ज द्यावा आणि चौकशीच्या अहवालाची नक्कल मागावी. अपघात कोणामुळे झाला, ते त्या अहवालात लिहिलेले असते. दाव्यात त्याला वजन असते.

बैल किंवा म्हैस मेली, तर जनावरांच्या डॉक्टरकडून तपासणी करून दाखला घ्यावा. पुरून टाकून मग धावाधाव करू नये. ऊस जळाला, तर तलाठ्याचा पंचनामा आणि सातबारा लागतो. दिवाबत्तीच्या खांबामुळे अपघात झाला असेल, तर ग्रामपंचायत आणि कंपनी दोघांनाही कळवावे. ते एकमेकांकडे बोट दाखवतील. दाखवू द्यावे.

अपघातानंतर कंपनी स्वतःहून काही रक्कम देऊ करते. तिला सानुग्रह मदत म्हणतात. ती घ्यावी. तेराव्याचा खर्च, औषधपाणी कोणाला चुकत नाही. पण पावतीवर काय लिहिले आहे ते वाचावे. "आता आमची कसलीही मागणी उरली नाही" असे लिहिले असेल, तर सही करू नये. "मदतीपोटी मिळाले, पुढील हक्क राखून" असे लिहून सही करावी. सानुग्रह मदत ही दया आहे. भरपाई हा हक्क आहे. दोन्हींत फरक किती पडतो, ते हिशेबाने पाहू.

न्यायालये पुष्कळदा मोटार अपघाताचीच रीत विजेच्या अपघातालाही लावतात. ती २००९ च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने नीट बसवून दिली आहे. समजा, अडतीस वर्षांचा मजूर गेला. महिन्याला १२,००० रुपये मिळवीत होता. वर्षाचे झाले १,४४,०००. घरी बायको, दोन मुले आणि आई, अशी चार माणसे त्याच्यावर अवलंबून. त्याच्या स्वतःच्या खाण्यापिण्याचा चौथा हिस्सा, ३६,००० रुपये, वजा करायचा. राहिले १,०८,०००. छत्तीस ते चाळीस ह्या वयाला गुणक पंधरा आहे. १,०८,००० गुणिले १५. झाले १६,२०,०००. अंत्यविधी वगैरेचा खर्च त्याखेरीज. हा हिशेब पाटीवर स्वतः करून पाहावा.

मजुराकडे पगाराचा कागद नसतो. मग मुकादमाची वही, रोजगार हमीचे कार्ड, साखर कारखान्याची उचल, जे असेल ते जमवावे. काहीच नसेल तर न्यायालय सरकारी किमान मजुरीचा दर धरते.

बाई गेली तर? ती कमावत नव्हती, मग भरपाई कसली, असे म्हणणारे महाभाग आहेत. २००१ साली जमशेदपूरच्या एका आगीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने घरच्या बाईच्या कामाची किंमत महिना तीन हजार रुपये धरली. आग १९८९ सालची, म्हणजे तेव्हाचे तीन हजार. पहाटेपासून रात्रीपर्यंतचे काम फुकट नाही, हे त्यातून ठरले.

आणि लहान मूल? हरियाणात २०११ साली चार वर्षांच्या मुलाला घराच्या छपरावर उघड्या तारेचा झटका बसला. दोन्ही हात आणि डावा पाय कापावे लागले. उच्च न्यायालयातल्या एका न्यायाधीशाने साठ लाख रुपये दिले. अपिलात ते तीस लाखांवर आले. २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा साठ लाख केले. मूल कमावत नव्हते खरे. पण त्याला जन्मभर कोणीतरी घास भरवायचा आहे, त्याचा हिशेब तर झालाच पाहिजे.

मागायचे कुठे? सगळे कबूल असेल, म्हणजे तार कंपनीची, मृत्यू विजेने, हे अहवालात आले असेल, तर उच्च न्यायालयात थेट अर्ज करता येतो. ते लवकर होते. कंपनीने घटनाच नाकारली, तर उच्च न्यायालय सहसा सांगते, की दिवाणी न्यायालयात जा, साक्षीपुरावा द्या. ओरिसातल्या दोन खटल्यांत, १९९९ आणि २००५ साली, सर्वोच्च न्यायालयाने असेच सांगितले. कागद चांगले असले, की वाट जवळची होते.

मुदत विसरू नये. मृताच्या वारसांनी १८५५ च्या जुन्या कायद्याखाली दावा लावायचा, तर मृत्यूपासून दोन वर्षे मिळतात. पण काही दाव्यांना एकच वर्ष असते. आपला दावा कशात बसतो, ते वकील सांगेल. म्हणून वर्षश्राद्धाची वाट पाहू नये. दोन-तीन महिन्यांतच वकिलाला भेटावे. सरकारला पक्षकार करायचे, तर दोन महिने आधी नोटीस द्यावी लागते.

वकिलाला पैसे कुठून आणायचे, ही खरी अडचण. तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती असते. स्त्रिया, मुले, अनुसूचित जाती-जमातींची माणसे, अपंग आणि कामगार यांना तिथे फुकट वकील मिळतो. त्यांची मिळकत किती, हे पाहत नाहीत. बाकीच्यांना मिळकतीची अट आहे. १५१०० ह्या क्रमांकावर फोन केला तरी माहिती मिळते. नवऱ्याच्या मागे उरलेल्या बाईने सावकाराकडे जाण्याआधी तिथे जावे.

हीच समिती लोकअदालतही भरवते. कंपनीचे अधिकारी तिथे येऊन तडजोड करतात. एका दिवसात काम होते, कोर्ट फीही परत मिळते. पण लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नाही. कबूल म्हटले की संपले. म्हणून तिथे जाताना वयाचा दाखला, मिळकतीचा कागद आणि वर केला तसला हिशेब लिहून खिशात न्यावा. अधिकारी आकडा सांगतील, तेव्हा आपला कागद काढून शेजारी ठेवावा.